संपादक आमदार होतो तेव्हा

मुंबई इलाख्याचे विधिमंडळ १८६२ मध्ये पहिल्यांदा बसले. बाळशास्त्री जांभेकरांचे 'दर्पण' निघून तेव्हा तीस वर्षे होऊन गेली होती. मराठी मुलखात वर्तमानपत्र आधी आले आणि कायदे करणारी सभा नंतर आली, हा क्रम लक्षात घेतला म्हणजे पुढच्या बऱ्याच गोष्टी उलगडतात. सभेत सुरुवातीला गोरे अधिकारी आणि गव्हर्नराने नेमलेले मोजके शेठ, सरदार, संस्थानिक बसत. कायद्याचा मसुदा वाचून त्यावर चार शब्द बोलू शकेल असा माणूस हवा झाला की सरकारची नजर वकिलांकडे आणि पत्रकर्त्यांकडे वळे. बहुतेक वेळा हे दोन्ही एकच गृहस्थ असत.

विश्वनाथ नारायण मंडलिक हे त्यातले पहिले ठळक नाव. दापोली तालुक्यातल्या मुरूडचे मंडलिक हायकोर्टात वकिली करीत, संस्कृत धर्मशास्त्राचे ते जाणकार होते. १८६४ मध्ये त्यांनी 'नेटिव्ह ओपिनियन' हे पत्र काढले आणि दहा वर्षांनी, १८७४ मध्ये, ते मुंबईच्या कायदे कौन्सिलात गेले. नेमणूक सरकारची होती, मतदार कुठेच नव्हता. तरीही जमीनमहसुलाच्या कायद्यावर सरकारला न आवडणारे बोलायची धमक त्यांच्याकडे होती. आधी पत्रात लिहिलेले मत कौन्सिलात गेल्यावर बदलायचे नाही, हा पायंडा त्यांच्या पिढीने घातला.

ठाणे जिल्ह्याला या काळात सभेत आवाज नव्हता, पण पत्र होते. ठाण्याहून १८६६ मध्ये 'अरुणोदय' निघाले. जिल्ह्यापुढचा सर्वांत जिव्हाळ्याचा प्रश्न तेव्हा जंगलाचा होता. मुरबाड-शहापूरकडची भातशेती राबावर चालायची आणि मुरबाड तालुक्यातल्या धसईच्या पट्ट्यातील जुन्या माणसांना ती रीत आजही पाठ आहे. उन्हाळ्यात ऐन, किंजळ अशा झाडांच्या फांद्या छाटून टहाळ आणायचा, तो वाळवून जमिनीवर पसरायचा, वर शेण, गवत, पालापाचोळा आणि मातीचा थर द्यायचा, वाऱ्याचा अंदाज घेऊन ते सगळे भाजायचे आणि पहिल्या पावसाला त्या भाजलेल्या जागेत भात पेरायचे. तिथले रोप मग आवणीला खाचरात जाई. डोंगरउतारावरच्या वरकस जमिनीत नाचणी आणि वरई होई, तिलाही राब लागे. १८७८ चा जंगल कायदा आला आणि टहाळ तोडणे हा गुन्हा होऊन बसला. कुळाच्या हातातला कोयता एका रात्रीत चोराचा कोयता झाला. ठाणे-कुलाबा जिल्ह्यांतून ओरड इतकी वाढली की १८८५ मध्ये सरकारला खास जंगल कमिशन नेमावे लागले. त्याचा अहवाल १८८७ मध्ये आला. या प्रकरणात अर्ज, सभा आणि वर्तमानपत्रांतली पत्रे हाच काय तो मार्ग होता, कारण कौन्सिलात प्रश्न विचारण्याचा अधिकारच तोवर कोणा सभासदाला मिळालेला नव्हता.

तो अधिकार १८९२ च्या कायद्याने आला. सभासदांना प्रश्न विचारता येऊ लागले, अंदाजपत्रकावर बोलता येऊ लागले (मत मात्र देता येत नसे), आणि काही जागा स्थानिक संस्थांच्या शिफारशीने भरल्या जाऊ लागल्या. १८९५ मध्ये मध्य विभागातल्या स्थानिक संस्थांकडून बाळ गंगाधर टिळक निवडून आले. 'केसरी' १८८१ पासून चालू होता. टिळक कौन्सिलात गेले तेव्हा मराठीतला सर्वांत प्रभावी संपादक सरकारच्या समोर बसला.

पुढच्याच वर्षी पाऊस फसला. १८९६-९७ च्या दुष्काळात टिळकांनी जे केले ते संपादक-लोकप्रतिनिधीच्या कामाचा वस्तुपाठ म्हणून बारकाईने पाहण्यासारखे आहे. सरकारचे स्वतःचे 'फॅमिन कोड' होते. पीक किती बुडाले की सारा तहकूब करायचा, कामे केव्हा काढायची, हे त्यात लिहिलेले होते. पण ते इंग्रजीत, आणि कचेरीच्या कपाटात. 'केसरी'ने त्यातली कलमे मराठीत मांडली. पुण्याच्या सार्वजनिक सभेने माणसे गावोगाव पाठवली. ठाणे जिल्ह्यातल्या तेव्हाच्या उंबरगाव तालुक्यात आणि कुलाब्यातल्या पेणला शेतकऱ्यांच्या सभा झाल्या. सरकारने दिलेलाच हक्क मागा, पीक नसेल तर सारा भरू नका, कर्ज काढून भरू नका, असे त्यांना सांगण्यात आले. पेणला सार्वजनिक सभेचे साठे यांच्यावर खटला झाला. मार्च १८९७ मध्ये सरकारने सभेची मान्यताच काढून घेतली. यात टिळकांनी एकही नवा कायदा मागितला नव्हता. कायदा होता तो लोकांच्या भाषेत लोकांपर्यंत पोचवला, इतकेच. मामलेदाराला त्याचीच जास्त धास्ती वाटली.

१८९७ मध्ये टिळक पुन्हा निवडून आले. २२ जूनला पुण्यात प्लेगचा अधिकारी रँड याच्यावर गोळी झाडली गेली, २७ जुलैला टिळकांना राजद्रोहाच्या आरोपावरून पकडण्यात आले आणि सप्टेंबरात दीड वर्षाची शिक्षा झाली. कौन्सिलची जागा सोडावी लागली. आरोपाचा सगळा आधार 'केसरी'तला मजकूर होता. सभासदत्वाने त्यांना काडीचेही संरक्षण दिले नाही. कौन्सिलातले त्यांचे काम थोडे आणि अधिवेशने तुटपुंजी. दुष्काळात जे वजन दिसले ते पत्राचे होते. पण कौन्सिलातला सभासदच ते पत्र लिहितो आहे ही गोष्ट कलेक्टर विसरू शकत नव्हता. दोन्ही भूमिका एकमेकींना बळ देत होत्या.

गोपाळ कृष्ण गोखले आगरकरांच्या 'सुधारका'त लिहीत आणि सार्वजनिक सभेचे त्रैमासिक सांभाळीत. १८९९ मध्ये ते मुंबई कौन्सिलात गेले. १९०१ मध्ये जमीनमहसूल कायद्याच्या दुरुस्तीचे विधेयक आले. त्याने शेतकऱ्याचा जमिनीवरचा हक्क पातळ होत होता. विरोध ऐकला जात नाही असे दिसताच फिरोजशहा मेहता, गोखले आणि त्यांचे सहकारी सभागृहातून उठून गेले. आज सभात्याग ही रोजची गोष्ट झाली आहे. त्या दिवशी ती अघटित होती.

यानंतरची मोठी जोड आहे ती डॉ. बाबासाहेब आंबेडकरांची. तीच या सगळ्या इतिहासाचा कणा आहे.

३१ जानेवारी १९२० ला 'मूकनायक' निघाला. ४ ऑगस्ट १९२३ ला मुंबई कौन्सिलात सीताराम केशव बोले यांचा ठराव मंजूर झाला. सरकारी पैशाने बांधलेले वा चालवलेले पाणवठे, विहिरी, धर्मशाळा, शाळा, दवाखाने अस्पृश्यांना खुले असावेत, असा तो ठराव. पुढच्या वर्षी महाड नगरपालिकेनेही चवदार तळे खुले केल्याचा ठराव केला. कागदावर सगळे झाले होते, तळ्यावर काहीच बदलले नव्हते. फेब्रुवारी १९२७ मध्ये आंबेडकरांनी नियुक्त सभासद म्हणून कौन्सिलात शपथ घेतली. १९ आणि २० मार्चला महाडला परिषद झाली आणि हजारो माणसांनी तळ्याचे पाणी ओंजळीने प्यायले. ३ एप्रिलला 'बहिष्कृत भारत' सुरू झाले. शपथ, सत्याग्रह, पत्र हे सारे दोन महिन्यांत. सभेने केलेला ठराव अमलात येत नाही हे दाखवायला तळ्यावर जावे लागले, आणि तळ्यावर नेमके काय झाले हे सांगायला स्वतःचे पत्र लागले, कारण इतरांच्या पत्रांनी ते सरळ सांगितले असते याची खात्री नव्हती.

त्या पत्राची आर्थिक अवस्था बिकट होती. वर्गणीदार गरीब, जाहिराती नाहीत, लेखक नाहीत. अंकाचे चोवीस चोवीस रकाने संपादकालाच लिहून काढावे लागत. त्याच माणसाने सभागृहात अंदाजपत्रकावर बोलायचे, कॉलेजात शिकवायचे आणि कोर्टात वकिली करायची. १९२८ मध्ये महार वतनाच्या कायद्यात दुरुस्ती करणारे विधेयक त्यांनी मांडले, ते तडीस गेले नाही. गिरणीतल्या स्त्रियांना बाळंतपणाची पगारी रजा मिळावी या विधेयकाच्या बाजूने ते त्याच वर्षी कौन्सिलात ठामपणे बोलले. १९२९ मध्ये 'बहिष्कृत भारत' बंद पडला आणि १९३० मध्ये 'जनता' आला.

१९३६ मध्ये आंबेडकरांचा स्वतंत्र मजूर पक्ष स्थापन झाला आणि १९३७ च्या निवडणुकीत तो मुंबई विधानसभेतला दखल घ्यावी असा विरोधी गट बनला. १७ सप्टेंबर १९३७ ला आंबेडकरांनी खोती नष्ट करण्याचे विधेयक मांडले. त्याच्या मागे कुलाब्यातल्या चरीचा संप होता. नारायण नागू पाटील यांच्या नेतृत्वाखाली तिथल्या कुळांनी वर्षानुवर्षे जमिनी पडीक ठेवल्या होत्या. पाटीलही १९३७ मध्ये आमदार झाले आणि त्याच वर्षी त्यांनी 'कृषीवल' सुरू केले. आधी चळवळ, मग आमदारकी आणि पत्र जवळजवळ एकदम, हा उलटा क्रमही इथे दिसतो. १० जानेवारी १९३८ ला कोकणातले हजारो शेतकरी मुंबईत विधानसभेवर चालून गेले. खोती कायद्याने जायला १९४९ उजाडले. विधेयक मांडणारा तोवर दिल्लीत देशाचा कायदामंत्री झाला होता.

स्वतंत्र मजूर पक्षाच्या त्याच फळीतून शामराव परुळेकर विधानसभेत आले होते. ठाणे जिल्ह्याच्या इतिहासात त्यांचे आणि त्यांच्या पत्नी गोदावरीबाईंचे स्थान वेगळे सांगायला नको. जानेवारी १९४५ मध्ये टिटवाळ्याला किसान सभेची परिषद झाली आणि तिथून वेठबिगारीविरुद्धचा वारली आदिवासींचा लढा पेटला. शामराव पुढे १९५७ मध्ये ठाण्यातून लोकसभेवर गेले. ते ज्या लाटेत निवडून आले ती लाट उभी करण्यात एका संपादकाचा मोठा हात होता.

प्रल्हाद केशव अत्रे यांचा जन्म १३ ऑगस्ट १८९८ चा, सासवडजवळच्या कोडीतचा. शिक्षक, विडंबनकार, नाटककार, चित्रपटकार ही त्यांची रूपे महाराष्ट्राला ठाऊक आहेत. 'श्यामची आई'ला राष्ट्रीय पुरस्कारांच्या पहिल्याच वर्षी राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळाले. राजकारणातली त्यांची पहिली पायरी मात्र पुण्याच्या नगरपालिकेची. १९३७-३८ च्या सुमारास ते काँग्रेसतर्फे तिथे होते आणि रे मार्केटला महात्मा फुल्यांचे नाव द्यावे यासाठी त्यांनी तिथे झुंज दिली. पुण्याची फुले मंडई त्या झुंजीची खूण आहे. १९४० मध्ये 'नवयुग' साप्ताहिक निघाले. अत्र्यांची पत्रकारिता तिथे घडली: मोठा मथळा, बोलती भाषा, शत्रूचे नाव घेऊन केलेला हल्ला, आणि मध्येच एखादा मृत्युलेख असा की वाचणाऱ्याचा कंठ दाटावा.

राज्य पुनर्रचना आयोगाचा अहवाल ऑक्टोबर १९५५ मध्ये जाहीर झाला. त्यात मुंबईसह मराठी राज्य नव्हते. २१ नोव्हेंबरला मुंबईत मोर्चावर गोळीबार झाला. १६ जानेवारी १९५६ ला मुंबई केंद्राच्या ताब्यात ठेवण्याची घोषणा झाली आणि शहर पेटले. ६ फेब्रुवारीला पुण्यात संयुक्त महाराष्ट्र समिती स्थापन झाली. समितीत समाजवादी होते, कम्युनिस्ट होते, शेतकरी कामगार पक्ष, शेड्यूल्ड कास्ट फेडरेशन, हिंदुमहासभा असे एकमेकांच्या सावलीला उभे न राहणारे लोक होते. १ नोव्हेंबर १९५६ ला गुजरात, विदर्भ आणि मराठवाडा एकत्र करून विशाल द्वैभाषिक मुंबई राज्य जन्माला घातले गेले. बरोबर दोन आठवड्यांनी, १५ नोव्हेंबरला, अत्र्यांचा दैनिक 'मराठा' बाहेर पडला.

साप्ताहिकाने भागत असताना दैनिक का काढावे लागले, हे समजून घ्यायला हवे. मुंबईतली मोठी वर्तमानपत्रे भांडवलदारांच्या मालकीची होती आणि द्वैभाषिकाच्या बाजूने किंवा निदान सावधपणे चालत होती. आदल्या संध्याकाळी शिवाजी पार्कवर जमलेली लाखभर माणसे दुसऱ्या दिवशी छापील पानावर चार ओळींत मावत. 'मराठा'ने ती पहिल्या पानावर आणली, आठ रकानी मथळ्याखाली. गिरणगावात पत्र मोठ्याने वाचले जाई आणि एका अंकाभोवती चाळीतला अख्खा मजला जमे. पक्षांच्या त्या कडबोळ्याला एकजीव करणारी गोष्ट रोज सकाळी लागत होती, ती 'मराठा'ने पुरवली. ६ डिसेंबर १९५६ ला आंबेडकर गेले. दादरच्या चौपाटीवर, लोटलेल्या जनसागरासमोर अत्र्यांनी त्यांना आदरांजली वाहिली आणि पुढे 'मराठा'तून त्यांच्यावर लिहीत राहिले. सवर्ण संपादकाच्या पत्राने बाबासाहेबांना असे डोक्यावर घेणे त्या काळात सोपे नव्हते. अत्र्यांच्या सगळ्या लिखाणात हे काम फार वरच्या जागी ठेवावे लागते.

१९५७ च्या निवडणुकीत पश्चिम महाराष्ट्रात समितीने काँग्रेसची धूळधाण केली. यशवंतराव चव्हाण कराडला थोडक्यात वाचले. विदर्भ, मराठवाडा आणि गुजरातच्या बळावर काँग्रेसचे सरकार टिकले आणि चव्हाण मुख्यमंत्री राहिले. अत्रे दादरमधून आमदार झाले. समितीच्या बाकांवर एस. एम. जोशी होते, 'केसरी'चे जयंतराव टिळक होते. त्याआधी पत्रकर्ता कौन्सिलात एकटादुकटा जाई. १९५७ मध्ये तो एका चळवळीचा प्रतिनिधी होऊन, हातात रोजचे दैनिक घेऊन गेला.

सभागृहातल्या अत्र्यांविषयी विनोदाचे किस्से खूप सांगितले जातात आणि त्यातले किती खरे हे सांगणे कठीण. त्या किश्शांनी एक गोष्ट झाकली जाते. विधानसभेत बोलायला नियम असतात. अध्यक्षांच्या परवानगीने बोलायचे, असंसदीय शब्द कामकाजातून काढले जातात, हेत्वारोप करता येत नाही. 'मराठा'त यातले एकही बंधन नव्हते. अत्रे विरोधकांवर तुटून पडताना घरापर्यंत जात, शरीरावर बोलत, आणि त्यातले काही लिखाण आज वाचवत नाही. सभागृहाने त्यांच्या वाणीला जी शिस्त लावली ती त्यांच्या लेखणीला लागली असती तर त्यांचे राजकीय लेखन अधिक टिकाऊ झाले असते. उलट सभागृहात दाबलेला प्रश्न दुसऱ्या दिवशी 'मराठा'त छापून यायचा, हे सरकारला माहीत असल्याने उत्तरे देताना मंत्री जपून बोलत. टिळकांच्या वेळी जे बीजरूपाने होते ते इथे पूर्ण वाढलेले दिसते.

नोव्हेंबर १९५७ मध्ये पंडित नेहरू प्रतापगडावर शिवाजी महाराजांच्या पुतळ्याच्या अनावरणाला आले आणि समितीने काळ्या निशाणांनी त्यांचे स्वागत केले. अखेर दिल्ली नमली. नव्या राज्याचे नाव 'मुंबई'च ठेवण्याचा विचार पुढे आला, तेव्हा 'महाराष्ट्र' या नावासाठी अत्रे सभागृहात आणि पत्रात हटून बसले. १ मे १९६० ला महाराष्ट्र राज्य झाले, त्याच नावाने. एका संपादकाने आमदार म्हणून आपल्या राज्याच्या नावावर ठसा उमटवल्याचे हे उदाहरण आहे.

राज्य मिळाले आणि समितीची गरज संपली. प्रजासमाजवादी बाहेर पडले, यशवंतरावांच्या बेरजेच्या राजकारणाने अनेक कार्यकर्ते काँग्रेसमध्ये ओढले गेले, १९६२ च्या निवडणुकीत समितीचा पार धुव्वा उडाला. बेळगाव-कारवारचा प्रश्न मागे राहिला. १३ ऑगस्ट १९६० ला, अत्र्यांच्याच वाढदिवशी, बाळ ठाकरे यांचे 'मार्मिक' निघाले आणि काही वर्षांतच ज्या मराठी मध्यमवर्गाने 'मराठा' वाचला तो 'मार्मिक'कडे वळला. अत्रे १९६७ मध्ये मुंबईतून लोकसभेला उभे राहिले आणि हरले. त्यांच्या शेवटच्या दशकातली राजकीय मते भराभर बदलली, पण माणूस म्हणून मोठेपणा ओळखण्याची ताकद शाबूत होती. ज्या नेहरूंवर त्यांनी आग ओकली, त्यांच्या निधनानंतर 'सूर्यास्त' ही अग्रलेखांची माला त्यांनीच लिहिली. १३ जून १९६९ ला अत्रे गेले. 'मराठा' त्यांच्यामागे फार वर्षे तग धरू शकला नाही.

अत्र्यांच्या समकालीनांपैकी काहींनी वेगळी वाट धरली, ती सत्तेकडे जाणारी. शेवगावचे बाळासाहेब भारदे नगरकडे 'संघशक्ती' हे साप्ताहिक चालवीत. ते सहकारमंत्री झाले आणि १९६२ ते १९७२ अशी सलग दहा वर्षे विधानसभेचे अध्यक्ष राहिले. कीर्तनकाराच्या ढंगाने सभागृह चालवणारा अध्यक्ष म्हणून त्यांचे नाव आजही निघते. अध्यक्षाला मत मांडता येत नाही. आयुष्यभर मते मांडलेल्या माणसाने ते बंधन इतके सहज पाळले, ही साधी गोष्ट नाही. जयंतराव टिळक पुढे काँग्रेसमध्ये गेले, मंत्री झाले आणि १९८६ ते १९९८ या काळात विधान परिषदेचे सभापती होते. लोकमान्यांना कौन्सिलातून तुरुंगात जावे लागले होते, त्यांचा नातू त्याच परंपरेच्या वरिष्ठ सभागृहाच्या आसनावर बसला. यवतमाळचे जवाहरलाल दर्डा बेचाळीसच्या लढ्यात तुरुंगात गेलेले. १९५२ मध्ये त्यांनी 'लोकमत' साप्ताहिक काढले, १५ डिसेंबर १९७१ ला ते नागपुरात दैनिक झाले आणि दर्डा पुढे विधान परिषदेवर जाऊन राज्यात मंत्री झाले. इथे नाते बदललेले दिसते. संपादक मंत्रिमंडळात बसला म्हणजे त्याचे पत्र कितीही सचोटीने चालले तरी सरकारला जाब विचारण्याचे काम दुसऱ्या कोणाला करावे लागते.

गोव्यात उदय भेंब्रे यांचे उदाहरण मराठी वाचकाला रुचो न रुचो, विसरता येणार नाही. १६ जानेवारी १९६७ च्या जनमत कौलाआधी 'राष्ट्रमत' या मराठी दैनिकातले त्यांचे 'ब्रह्मास्त्र' हे सदर गोवा महाराष्ट्रात विलीन होऊ नये म्हणून लिहिले जात होते, तेही मराठीतून. १९८४ मध्ये ते मडगावातून अपक्ष आमदार झाले. १९८५ मध्ये त्यांनी कोकणीला राजभाषा करण्याचे खासगी विधेयक विधानसभेत आणले. ते फेटाळले गेले, आंदोलन पेटले आणि फेब्रुवारी १९८७ मध्ये राजभाषा कायदा झाला. अत्र्यांनी ज्या साधनांनी महाराष्ट्र मागितला, त्याच साधनांनी भेंब्रे यांनी गोवा वेगळा ठेवायला मदत केली.

शिवसेनेने पत्र आणि पक्ष एकाच घरात ठेवले. 'मार्मिक'नंतर १९८८ मध्ये 'सामना' आला. 'लोकसत्ता'चे माजी संपादक विद्याधर गोखले १९८९ मध्ये आणि नारायण आठवले १९९६ मध्ये सेनेतर्फे लोकसभेवर गेले. बाळासाहेब ठाकरे स्वतः कधी निवडणुकीला उभे राहिले नाहीत. उद्धव ठाकरे २८ नोव्हेंबर २०१९ ला मुख्यमंत्री झाले तेव्हा 'सामना'चे संपादकपद त्यांनी सोडले आणि ते २०२० मध्ये रश्मी ठाकरे यांच्याकडे गेले.

व्यवसायाने बातमीदार-संपादक, मग पत्र सोडून पूर्णवेळ आमदारकी, असा आजच्या अर्थाने 'माजी पत्रकार' आमदार शोधायचा तर कपिल पाटील यांच्यापाशी थांबावे लागते. (भिवंडीचे माजी खासदार कपिल पाटील वेगळे. धसईच्या मतदाराला आधी तेच आठवतील.) छात्रभारतीच्या चळवळीतून आलेले पाटील मुंबईच्या 'आज दिनांक' या सायंदैनिकाचे संपादक होते. २००६, २०१२ आणि २०१८ असे तीन वेळा ते मुंबई शिक्षक मतदारसंघातून विधान परिषदेवर निवडून आले. वर्तमानपत्रात अनुदान, वेतनश्रेणी, 'शालार्थ' ही पगारप्रणाली या विषयांना मथळा मिळत नाही. पाटील यांनी त्यांनाच हात घातला. मुंबईतल्या शिक्षकांचे पगार राष्ट्रीयीकृत बँकेतून काढून जिल्हा बँकेत वळवण्याचा निर्णय सरकारने २०१७ मध्ये घेतला, तेव्हा त्यांची शिक्षक भारती संघटना सरकारशी भांडली. २०२४ मध्ये ते पुन्हा उभे राहिले नाहीत.

पत्रकाराला विधिमंडळात जायचे मार्ग कोणते, हेही पाहिले पाहिजे. महाराष्ट्र विधान परिषदेच्या ७८ जागा आहेत. ३० आमदार निवडतात, २२ स्थानिक संस्था, ७ पदवीधर, ७ शिक्षक, आणि १२ राज्यपाल नेमतात. नेमणुकीसाठी संविधानाच्या कलम १७१ मध्ये साहित्य, विज्ञान, कला, सहकारी चळवळ आणि समाजसेवा ही क्षेत्रे लिहिलेली आहेत. पत्रकारितेचा त्यात उल्लेख नाही, त्यामुळे पत्रकाराला साहित्यिक किंवा समाजसेवक म्हणून आत यावे लागते. धसईचा पदवीधर कोकण पदवीधर मतदारसंघात मत देतो, शिक्षक कोकण शिक्षक मतदारसंघात. विधानसभेला धसई मुरबाड मतदारसंघात आहे आणि त्याच मतदारसंघात बदलापूर येते. शहराची मते डोंगराकाठच्या गावांवर भारी पडतात, हे मतदारसंघांच्या पुनर्रचनेनंतरचे वास्तव आहे. 

धसई स्वतः एकदा देशभर गाजली. नोटाबंदीनंतर १ डिसेंबर २०१६ ला तत्कालीन अर्थमंत्री सुधीर मुनगंटीवार यांच्या उपस्थितीत ते राज्यातले पहिले रोकडरहित गाव म्हणून जाहीर झाले. स्वातंत्र्यवीर सावरकर राष्ट्रीय स्मारक आणि बँक ऑफ बडोदा यांनी दुकानदारांना कार्ड घासायची यंत्रे दिली. वडापावच्या गाडीपासून किराणा दुकानापर्यंत कॅमेरे फिरले. पुढे रोख व्यवहार परतल्याच्या बातम्या आल्या, त्या आतल्या पानांवर. गावात नेटवर्क किती वेळ असते, यंत्राचे भाडे कोण भरतो, बाजाराच्या दिवशी वाडीवरून करवंदे विकायला आलेल्या कातकरी बाईकडे खाते आहे का, हे प्रश्न ज्याने विचारायचे तो तालुक्याचा वार्ताहर. त्याला पगार नसतो. जाहिरातीच्या कमिशनवर त्याचे घर चालते आणि जाहिरात देणारा बहुतेक वेळा स्थानिक पुढारीच असतो. अशा स्थितीत पत्र आणि प्रतिनिधी ही दोन टोके एका हातात येण्याऐवजी दोन्ही एकाच पुढाऱ्याच्या खिशात जातात.

मार्ग बंद झालेला नाही. विधानसभेत तारांकित प्रश्न आहे, त्याला मंत्र्याला तोंडी उत्तर द्यावे लागते आणि उपप्रश्न विचारता येतात. लक्षवेधी सूचना आहे, अर्ध्या तासाची चर्चा आहे, आश्वासन समिती आहे. मंत्र्याने सभागृहात दिलेले आश्वासन पाळले गेले की नाही हे तपासणे हेच त्या समितीचे काम. कामकाजाचे वृत्तान्त छापलेले असतात आणि आता संकेतस्थळावरही मिळतात. मुरबाड-शहापूरच्या नावाने आजवर कोणते प्रश्न आले, त्यांना काय उत्तर मिळाले आणि त्यातले काय घडले, हे त्या वृत्तान्तांतून काढून तालुक्याच्या भाषेत छापणे कोणाही वार्ताहराला आज करता येण्यासारखे आहे. टिळकांनी फॅमिन कोडाचे नेमके हेच केले होते, आणि तेव्हा ते कोड मिळवणे याहून पुष्कळ अवघड होते.